उभी ठेवलेली बांधी

मंडईच्या, म्हणजे दिवाळीनंतरच्या गावजत्रेच्या, नाटकाआधी आसगावात लाउडस्पीकरवरून नावं पुकारायची पद्धत आहे. पडदा कोणी दिला, मंडपाचे बांबू कोणाच्या वाडीतले, पेटीवर कोण, तबल्यावर कोण, सगळं पुकारतात. अहो, कलाकारांना चहा पाजणाऱ्याचंही नाव घेतात आणि त्याच्या हातात नारळ देतात. त्या नारळापायी माणसं रुसतात आणि दोन-दोन वर्षं एकमेकांच्या दारात पाय ठेवत नाहीत. अशा गावात ऐंशी सालापासून एक माणूस दरवर्षी नाटक मंडळाला बजावून सांगायचा, की माझं नाव घेतलंत तर वही टाकून सरळ घरी जाईन.

हा जागेश्वर भुरे. नाटक चालू असताना तो विंगेत वही घेऊन बसायचा आणि अडलेल्या पात्राला वाक्य पुरवायचा. मंडळातली पोरं म्हणत, नखरे आहेत. मुंबईला सिनेमात अठरा वर्षं काढून आलाय, आता आपल्या लाउडस्पीकरवर नाव घेतलेलं त्याला कमीपणाचं वाटतं. वाटू द्या त्यांना. त्याच्या नावापायी जे व्हायचं ते होऊन गेलं होतं, आणि ते कोणाच्या जिवावर झालं हे त्याचं त्याला ठाऊक होतं.

जागेश्वरची आई तो चालायला लागायच्या आधीच गेली. त्याला वाढवलं ते धुरपतानं, त्याच्या थोरल्या बहिणीनं. ती लग्नानंतर चौथ्याच वर्षी कुंकू पुसून माहेरी परत आली होती. बाप गेल्यावर तलावाखालची एक बांधी तिच्या वाट्याला आली. बांधी म्हणजे बांध घातलेला धानाचा तुकडा. फार मोठी नाही, पण पाणी धरून ठेवणारी, काळीभोर. तिच्यावर धुरपतानं स्वतःचं आणि भावाचं पोट काढलं. तो तिला बाई म्हणायचा आणि ती त्याला बाबू.

पोराचं डोकं मात्र अजब होतं. चौदाव्या वर्षी तो मंडईच्या नाटकात वाक्यं पुरवायला बसला आणि तिसऱ्या दिवशी वही बाजूला ठेवली. चार अंकांचं अख्खं नाटक पाठ! राजाच्या पागोट्याचा तुरा पहिल्या प्रवेशात डावीकडे होता, आता उजवीकडे कसा गेला, असं तो भर प्रयोगात विंगेतून कुजबुजायचा. राजा वैतागायचा, पण तुरा फिरवून घ्यायचा. एकसष्ट साली नाटकवाल्यांपैकीच कोणीतरी भरीला घातलं, आणि हा पठ्ठ्या कपड्यांची एक पत्र्याची पेटी घेऊन वरठीच्या स्टेशनावर मुंबईच्या गाडीत बसला.

तिथं त्यानं आधी सामान उचललं, मग कॅमेऱ्यासमोर क्लॅपची पाटी धरली, आणि शेवटी ज्या कामासाठी तो जन्मला होता ते काम त्याला सापडलं. सिनेमा तुकड्यातुकड्यानं काढतात. आज बाई दारातून बाहेर पडते, आणि दाराबाहेरचं दृश्य घेतात तीन महिन्यांनी. तेव्हा तिची टिकली केवढी होती, डाव्या हातात बांगड्या किती होत्या, पदर ओला होता की कोरडा, हे कोणीतरी ध्यानात ठेवावं लागतं, नाहीतर दोन तुकडे जुळत नाहीत आणि लोक हसतात. जागेश्वर ते ध्यानात ठेवायचा. एकदा मांडीवरचं मूल मेलं म्हणून आई धाय मोकलून रडते असं दृश्य होतं. जेवणानंतर मांडीवर दुसरंच मूल आणून ठेवलं होतं. आईच्या लक्षात आलं नाही, याच्या आलं.

चौदा सिनेमे त्यानं असे सांधून दिले. बोलायला तो चीफ असिस्टंट, पण जेवायला सगळ्यांच्या मागून, आणि नाव? नाव एकाही सिनेमात नाही. कधी म्हणे नावांच्या पाट्या आधीच तयार झाल्या होत्या. कधी सेठच्या भाच्याचं नाव घालायचं होतं म्हणून याचं गाळलं. कधी तर कारणसुद्धा कोणी सांगितलं नाही. पुढच्या वेळी नक्की, असं म्हणून खांद्यावर हात ठेवायचे. त्या हातांचा त्याला पुढंपुढं असा राग येऊ लागला की खांदा झटकून टाकावासा वाटे. झटकला मात्र कधी नाही.

गावात धुरपतानं मात्र भावाचा डंका पिटला होता. भंडाऱ्याच्या टॉकीजला त्याचा सिनेमा लागला की ती चार माणसं गोळा करून एसटीनं निघायची. सोबत इश्वर मास्तर. ते शाळेत शिकवायचे, आणि पडद्यावरची नावं इंग्रजीत असायची म्हणून ती वाचायला त्यांना न्यावं लागे. दोनदा गेले. दोन्ही वेळा मास्तरांनी डोळे फाडून वाचलं, आणि दोन्ही वेळा जागेश्वर भुरे काही सापडला नाही. परतीच्या एसटीत कोणीतरी खवचटपणे विचारलं, तुमचा भाऊ तिथं चहा वाटते का वो, धुरपताबाई? ती ताठ बसून म्हणाली, "नाव येऊन गेलं. तुमची नजर चुकली." मास्तरांना हे लागलं. पण तिच्या तोंडाकडे बघून त्यांनी चष्मा पुसायला घेतला.

दिवाळीला गावी आलेल्या जागेश्वरला हे कळलं तेव्हा तो भरल्या ताटावरून उठला. त्या दिवसापासून त्याला एकच गोष्ट हवी होती. पैसा नको, मान नको. भंडाऱ्याच्या टॉकीजमध्ये बाई बसलेली असावी आणि समोर आपलं नाव यावं. एकदा, बस. मग मुंबई गेली खड्ड्यात.

तशी वेळ सत्याहत्तर साली आली. मगनभाई नावाच्या निर्मात्याचा सिनेमा होता आणि त्यात पिकलेल्या धानातलं एक मोठं दृश्य होतं. हिरोच्या तारखा मिळेमिळेपर्यंत दसरा उलटला, आणि मुंबईच्या आसपासचं सगळं धान कापून झालं. डायरेक्टर डोक्याला हात लावून बसला. तेव्हा मागच्या खुर्चीवरून जागेश्वर बोलला, की आमच्याकडचं भारी धान, म्हणजे उशिरा येणारं, कार्तिकात पिकतं, दिवाळीनंतर पंधरा दिवस तरी उभं सापडेल. मगनभाईनं त्याच्याकडे असं पाहिलं जणू हा आजच कामावर आलाय. मग म्हणाला, तुझं गाव ना, मग प्रॉडक्शन तूच सांभाळ. जागेश्वरनं आयुष्यात पहिल्यांदा तोंड उघडून पडद्यावर नाव मागितलं. मगनभाई हसला, खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाला, "अकेला नाम दूँगा. पूरे परदे पर."

झालं! जागेश्वर हवेतच आसगावला आला. शाळेच्या खोल्या रिकाम्या करून घेतल्या, घराघरांतून खाटा मागितल्या, बैलगाड्या ठरवल्या. गावानं काही कमी केलं नाही. गावातल्या कुंताबाईच्या चुलीवर साठ माणसांचा भात शिजायचा, आणि हिरॉईननं ज्या लोट्यानं पाणी प्यायलं तो लोटा तिनं घासून कोनाड्यात ठेवून दिला. डायरेक्टरला हवी तशी जागा शोधायला सगळे बांध फिरून झाले आणि त्याचं मन बसलं ते नेमकं तलावाखालच्या बांधीवर. धुरपताच्या. लोंब्या भरून वाकलेल्या, कडेला मोहाचं झाड, मागं तलावाची पाळ. दोन दिवस शूटिंग झालं. हिरॉईन निळ्या साडीत पाळीवरून उतरली आणि धान सारत अर्ध्या बांधीपर्यंत आली. आता समोरून हिरोनं विळा घेऊन यायचं होतं. तेवढ्यात हिरोला मुंबईहून दुसऱ्या सिनेमाचं बोलावणं आलं. आठ दिवसांत येतो म्हणाला आणि गेला, मागोमाग युनिटही गेलं. जाताना डायरेक्टर जागेश्वरला बजावून गेला, की हे शेत मला असंच पाहिजे, एक काडी हलता कामा नये.

गावात विळे पाजळून झाले होते. जागेश्वर बहिणीला म्हणाला, "आठच दिवस, बाई. तुही बांधी उभी राहू दे."

धुरपतानं एक लोंबी तोडली, दाणा दातांखाली फोडून पाहिला. "पिकली तं आहे गा," ती म्हणाली. मग जरा थांबून विचारलं, "तुहं नाव येईन ना पण?"

"येईन. एकट्याचं."

"मंग राहू दे."

आठ दिवस झाले. पवनीच्या तार ऑफिसातून मुंबईची तार आली, आणखी आठ दिवस. ते संपले तशी दुसरी तार. आता, पिकलेलं धान किती दिवस थांबतं हे जागेश्वरला कळत नव्हतं असं कोणी म्हणू नये. त्याच चिखलात तो वाढला होता. पण कापा म्हणायला त्याची जीभ रेटेना, कारण अर्धं दृश्य डब्यात होतं आणि उरलेल्या अर्ध्यात त्याचं नाव होतं. गावातलं धान कापून खळ्यावर गेलं. सगळ्यांच्या बांध्या मोकळ्या झाल्या की आमच्याकडे ढोरं मोकाट सोडतात. तीही सुटली. चारी बाजूंनी मोकळं रान आणि मधोमध एकटी धुरपताची बांधी उभी. ढोरं दुसरीकडे कुठं जाणार?

मग धुरपता काठी घेऊन बांधावर बसू लागली. उजाडल्यापासून दिवे लागेपर्यंत. इकडून ढोरं हाकलायची तर तिकडून पोपटांचा थवा उतरायचा. धान उभं असतानाच त्याच्या बुडाशी लाखोरी पेरतात, म्हणजे धान निघालं की ती डाळ त्याच ओलीवर वाढते. ती लाखोरीही सावलीत पिवळी पडून मान टाकू लागली. घरोघरी नव्या तांदळाचा भात झाला, देवाला दाखवून खाऊन झाला. धुरपताच्या घरी मागच्या सालचाच तांदूळ शिजत होता. जागेश्वर तिच्यासोबत ढोरं हाकलायचा आणि तिची नजर चुकवायचा.

तिसऱ्या आठवड्यात तिनं एकदाच विचारलं. लोंबीला हात लावला तर दाणे झरझर खाली पडले, ते दाखवून म्हणाली, "कापू का गा, बाबू? निदान पलीकडची अर्धी?"

जागेश्वर म्हणाला, "अर्धी उभी अन् अर्धी कापलेली चालत नाही, बाई. जुळत नाही ते."

ती परत बांधावर जाऊन बसली. याला वाटलं की तिला पटलं.

युनिट आलं ते छत्तिसाव्या दिवशी. हिरो गाडीतून उतरलाच नाही, काच खाली करून सिगरेट ओढत बसला. डायरेक्टर पाळीवर उभा राहिला. समोर काय होतं? धान कमरेतून मोडलं होतं, सोन्याचा रंग जाऊन राखेचा आला होता, लोंब्या रिकाम्या होऊन वर उभ्या राहिल्या होत्या. डायरेक्टरनं बराच वेळ पाहिलं आणि नेहमीप्रमाणे जागेश्वरकडे वळून विचारलं, जुळतं का? बांधाच्या कोपऱ्यावर काठी घेऊन धुरपता उभी होती. हिंदी तिला फारशी येत नव्हती, पण काय विचारलंय ते तिला कळलं.

हो म्हणायला काय जात होतं? थोडं लांबून घ्या, ऊन कलल्यावर घ्या, असं काहीही सांगता आलं असतं. टॉकीजमध्ये कोण लोंब्या मोजत बसतो! पण न जुळणारी वस्तू या माणसानं जन्मात पुढं जाऊ दिली नव्हती. राजाचा तुरा नाही, मांडीवरचं मूल नाही. त्याच्या तोंडून निघून गेलं, "नाही साहेब. नाही जुळत."

तासाभरात पॅकअप झालं. जाताना मगनभाईनं कपडेपटातली ती निळी साडी मागवली, जी हिरॉईननं त्या दृश्यात नेसली होती, आणि धुरपताच्या हातात ठेवली. आणि जागेश्वर? तो युनिटच्या ट्रकमधून मुंबईला गेला. अजून नाव यायचं होतं ना! बाई काठी टेकून उभी होती आणि हा मागच्या फळीवर सामानात बसून लांब लांब गेला. पुढं आयुष्यभर त्यानं स्वतःला विचारलं, की त्या दिवशी आपण खरं बोललो ते कामाच्या इमानापायी, की आपल्या डोळ्याला चूक सापडली या माजापायी.

धुरपताची पत्रं इश्वर मास्तर लिहून द्यायचे. महिन्यानं एक आलं. मी खुशाल आहे, काळजी करू नको, माझी बांधी सिनेमात चांगली दिसते का ते लिहून कळव. खाली मास्तरांनी आपल्या मनानं एक ओळ घातली होती: बाईंनी या वर्षी सरवा वेचला. कापणीनंतर दुसऱ्याच्या शेतात पडलेले दाणे गरीब बाया टिपून नेतात, त्याला सरवा म्हणतात. धुरपतानं तो वेचला स्वतःच्याच बांधीत, मातीत बोटं घालून, टोपलीभर माती निवडून मूठभर दाणे.

जागेश्वरनं उत्तर लिहिलं, बांधी फार छान दिसते.

लिहिलं तेव्हा ते खरंच होतं. पण पुढं सिनेमा जोडायला बसले तेव्हा अर्ध्या दृश्याचं काय करायचं हा प्रश्न आला. हिरॉईन धान सारत येते, कोणाकडे येते? दुसरा तुकडा नव्हताच. शेवटी ते सगळं काढून टाकलं आणि त्या जागी बागेतलं एक गाणं घातलं, स्टुडिओत घेतलेलं. जागेश्वर तिथंच उभा होता. त्यानं पाहिलं की पाळ गेली, मोहाचं झाड गेलं, बांधी गेली. हे धुरपताला कळवायला त्यानं दोनदा कागद पुढं ओढला. दोन्ही वेळा पत्रात पावसापाण्याचं लिहिलं आणि सोडून दिलं.

एकोणऐंशीच्या उन्हाळ्यात तो सिनेमा भंडाऱ्याला लागला. जागेश्वर मुद्दाम मुंबईहून आला. गावातून या वेळी कोणी येतो म्हणालं नाही, फक्त इश्वर मास्तर आले. धुरपतानं ती निळी साडी नेसली. एसटीत तिनं भावाला बारीकसारीक विचारून घेतलं, की बांधी सुरुवातीला येते का मधात, मोहाचं झाड पूर्ण दिसते का. त्यानं हूं हूं केलं. आता सांगावं, पवनी फाट्यावर सांगावं, भंडारा आल्यावर सांगावं, असं करत टॉकीजचा अंधार झाला.

नावं सुरू झाली. नटांची, गाणाऱ्यांची, कॅमेऱ्याची. जागेश्वर खुर्चीच्या कडेवर सरकला. एकट्याचं नाही आलं. एका पाटीवर अकरा नावं होती आणि त्यात सातवं. दोन श्वास घेईपर्यंत ती पाटी गेलीसुद्धा. पण आलं होतं. मास्तरांनी त्याचा हात दाबला. जागेश्वरनं बहिणीकडे पाहिलं. ती अक्षरांकडे बघतच नव्हती. अक्षरांच्या मागं कुठलंसं गाव दिसत होतं, मान वाकवून ती त्या गावात शोधत होती, आणि नाव आल्याचं त्यानं सांगितलं तेव्हा घाईनं बरं बरं म्हणून पुन्हा पुढं पाहू लागली.

अडीच तास ती तशीच बसली. मध्यंतरात मास्तरांनी शेंगदाणे आणले, ते तिनं पदरात घेऊन ठेवले. बाहेर चला म्हटलं तर उठली नाही, आपण बाहेर असताना बांधी येऊन गेली तर? बागेतलं गाणं आलं आणि गेलं. लग्न झालं, पडद्यावर पांढरा उजेड पसरला, दिवे लागले. माणसं उठून चालू लागली. खुर्च्या खटाखट मिटल्या. धुरपता बसून होती.

"माही बांधी कवा येते गा?" तिनं विचारलं.

इतक्या दिवसांत हजार वेळा मनात जुळवलेलं वाक्य जागेश्वरला आठवेना. ज्याला चार अंक पाठ होते त्याला एक वाक्य सापडेना. तो म्हणाला, "येऊन गेली, बाई. तुही नजर चुकली."

पलीकडे बसलेल्या मास्तरांनी मान खाली घातली. धुरपता भावाकडे बघत राहिली. रागानं नाही. लहानपणी तो खोटं बोलायचा तेव्हा बघायची तशी, पुढचं खरं तोच सांगेल म्हणून वाट पाहत. त्यानं सांगितलं नाही.

"मी तं पापणी नाही लववली, बाबू," ती म्हणाली. मग पदरातले शेंगदाणे तिनं त्याच्या हातात दिले, साडी सावरली आणि एसटी चुकेल म्हणून पुढं चालू लागली.